गुण नव्हे, तारीख मागा

पुनर्मूल्यांकनाचा निकाल रखडला की विद्यार्थ्याच्या तोंडी पहिले वाक्य येते, "कोर्टात जाऊ." गेल्या चाळीस वर्षांत या वाटेवर बरेच जण गेले. त्यांच्या हाती काय लागले, हे पाहायला हवे.

सुरुवात निराशेची होती. उत्तरपत्रिका पाहण्यास आणि पुन्हा तपासून घेण्यास मनाई करणारा राज्य शिक्षण मंडळाचा नियम मुंबई उच्च न्यायालयाने रद्द केला, पण १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा उभा केला. नियमात तरतूद नसेल तर पुनर्मूल्यांकन हक्काने मागता येत नाही, हे सूत्र तेव्हापासून चालत आले आहे. ग्राहक मंचाचे दारही २००९ आणि २०१० च्या निकालांनी बंद झाले. परीक्षार्थी हा ग्राहक नव्हे, असे न्यायालय म्हणाले.

मग ऑगस्ट २०११ उजाडला. तपासलेली उत्तरपत्रिका ही 'माहिती' आहे आणि माहिती अधिकारात ती विद्यार्थ्याला मिळालीच पाहिजे, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने दिला. मात्र संस्था उत्तरपत्रिका जपून ठेवते तेवढ्याच मुदतीपुरता हा हक्क. म्हणून अर्ज निकालानंतर लगेच करावा.

विलंबाची खरी किंमत २०१७ ने दाखवली. मुंबई विद्यापीठाने सुमारे १७ लाख उत्तरपत्रिका घाईघाईने संगणकावर तपासायला घेतल्या. कुलपतींनी दिलेली ३१ जुलैची मुदत उलटली, विधीचे निकाल सप्टेंबरपर्यंत लांबले, विद्यार्थी उच्च न्यायालयात गेले आणि ऑक्टोबरमध्ये कुलगुरूंना पदावरून दूर करण्यात आले. पुनर्मूल्यांकनाचे हाल तर निकालानंतर सुरू होतात. अर्जाचे उत्तर येत नाही, तोवर एटीकेटीच्या, म्हणजे राहिलेल्या विषयाच्या फेरपरीक्षेच्या, फॉर्मची शेवटची तारीख येते. मुलगी पुन्हा शुल्क भरते, त्याच पेपरला पुन्हा बसते आणि नंतर कळते की ती आधीच उत्तीर्ण होती. त्या सहा महिन्यांची भरपाई कोण करणार?

न्यायालय गुणांना हात लावायला कचरते, आणि ते मला पटते. तपासनीसाचे काम न्यायाधीशाने करू नये. पण विलंबात विद्वत्तेचा प्रश्नच नसतो. ते सरळसरळ कर्तव्य टाळणे आहे. म्हणून राज्यघटनेच्या कलम २२६ खालच्या याचिकेत गुणवाढ मागण्याऐवजी निकालाची तारीख आणि तोपर्यंत तात्पुरता प्रवेश मागावा. त्याआधी तक्रार लेखी द्यावी आणि पोच घ्यावी. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या विनियमांनुसार विद्यार्थी तक्रार निवारण समितीने १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा असतो. त्यावर विद्यापीठाच्या लोकपालाकडे अपील करता येते. लोकपाल एरवी फेरतपासणीचे अर्ज ऐकत नाही, पण निकालातील दिरंगाई ही या विनियमांतली तक्रारच आहे.

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ परीक्षेचा निकाल ३० दिवसांत आणि उशिरात उशिरा ४५ दिवसांत लावायला सांगतो. पुनर्मूल्यांकनासाठीही अशीच मुदत त्याच अधिनियमात, त्याच ठाम शब्दांत लिहिली जायला हवी, आणि ती उलटली तर फेरपरीक्षेचे शुल्क विद्यापीठाने परत करायला हवे.