रॉसिटर, लेनर्ड

(२१ ऑक्टोबर १९२६–५ ऑक्टोबर १९८४). रंगभूमी व दूरचित्रवाणी यांवर कीर्ती मिळविलेला ब्रिटिश चरित्रनट. देखणेपण व भारदस्त आवाज या नायकाला लागणाऱ्या गोष्टी त्याच्यापाशी नव्हत्या. तथापि एरवी नाटकाच्या कडेला राहणारी विक्षिप्त, चिडखोर वा क्षुद्र माणसे त्याने नाटकाच्या केंद्रस्थानी आणली.

जन्म लिव्हरपूल येथे. वडिलांचे केशकर्तनालय होते. दुसऱ्या महायुद्धात रुग्णवाहिकेवर स्वेच्छेने काम करीत असता वडील हवाई हल्ल्यात मृत्युमुखी पडले व रॉसिटरचे विद्यापीठीय शिक्षण राहून गेले. सैन्याच्या शिक्षणविभागातील सेवेनंतर त्याने विमा कंपनीत कारकुनी पतकरली व फावल्या वेळात हौशी रंगभूमीवर कामे केली. १९५४ मध्ये, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, नोकरी सोडून तो प्रेस्टन येथील नाटकमंडळीत दाखल झाला. तेथे व अन्य लहान शहरांत, पहिल्या एकोणीस महिन्यांत, त्याने सु. ७५ भूमिका केल्या. नाट्यशाळेचे शिक्षण त्याला लाभले नव्हते. ही धावपळ हीच त्याची शाळा. पुढे तो ब्रिस्टल ओल्ड व्हिक या संस्थेत होता (१९५९–६१).

डेव्हिड टर्नरच्या सेमी-डिटॅच्ड या सुखात्मिकेतील फ्रेड मिडवे हा धूर्त मध्यमवर्गीय त्याने १९६२ मध्ये कॉव्हेन्ट्री येथे प्रथम रंगविला. नाटक लंडनला गेले, तेव्हा मात्र ही भूमिका लॉरेन्स ऑलिव्हिएला देण्यात आली. पुढील वर्षी न्यूयॉर्कमध्ये ती रॉसिटरकडे परत आली, पण तो प्रयोग फार दिवस चालला नाही.

त्याच्या रंगभूमीवरील कारकीर्दीचा कळस म्हणजे बेर्टोल्ट ब्रेख्टच्या द रेझिस्टिबल राइज ऑफ आर्तुरो उई (म. शी. आर्तुरो उईचा रोखता येण्याजोगा उदय) या नाटकातील उई. हिटलरच्या सत्ताग्रहणाची कथा ब्रेख्टने शिकागोच्या भाजीबाजारात दहशत माजविणाऱ्या एका गुंडावर बेतली आहे. मायकेल ब्लेकमोरच्या दिग्दर्शनाखाली हा प्रयोग ग्लासगो येथे १९६७ मध्ये झाला व १९६९ मध्ये लंडनला आला. एक म्हातारा नट उईला उभे राहणे, चालणे व भाषण करणे शिकवितो, हा त्यातील प्रसिद्ध प्रवेश. येथे नटाची कसोटी लागते : विदूषकी वाटणारा हावभाव पाहता पाहता भयप्रद व्हावा लागतो. रॉसिटरचे आखडलेले, झटके देणारे शरीर व वेगवान पण स्वच्छ शब्दोच्चार यांमुळे हा पालट विलक्षण परिणामकारक झाला. हॅरल्ड पिंटरच्या द केअरटेकरमधील डेव्हिस हीही त्याची उल्लेखनीय भूमिका (१९७२).

घरोघरी तो ओळखला गेला तो दूरचित्रवाणीमुळे. एरिक चॅपेलच्या द बनाना बॉक्स या नाटकावरून तयार झालेल्या राइझिंग डँप (१९७४–७८) या मालिकेत तो रिग्झबी हा कळकट भाडोत्री खोल्यांचा कंजूष मालक होता. कृष्णवर्णीय भाडेकरूविषयी रिग्झबीच्या मनात नाना पूर्वग्रह आहेत. परंतु हसे होते ते त्याचे, भाडेकरूचे नव्हे. डेव्हिड नॉब्जच्या कादंबरीवरून निघालेल्या द फॉल अँड राइझ ऑफ रेजिनल्ड पेरिन (१९७६–७९) मध्ये नोकरीच्या कंटाळ्याने ग्रासलेला अधिकारी समुद्रकिनारी कपडे टाकून आत्महत्येचा देखावा करतो आणि वेषांतर करून स्वतःच्याच घरी परततो. रिग्झबी कर्कश, तर पेरिन आतून खचलेला. दोन्ही मालिका काही काळ एकाच वेळी चालू होत्या, यावरून त्याचा आवाका ध्यानात येतो. जोन कॉलिन्ससोबतच्या मद्याच्या जाहिरातींनी ही लोकप्रियता आणखी वाढविली, पण उईची स्मृती मागे पडली.

चित्रपटांतील त्याच्या भूमिका बहुधा लहान होत्या. बिली लायर (१९६३) व ऑलिव्हर! (१९६८) या दोहोंत तो अंत्यविधीचा व्यवसाय करणारा गृहस्थ होता. बॅरी लिंडनमधील (१९७५) भेकड कॅप्टन क्विन विशेष लक्षात राहतो.

लंडनच्या लिरिक नाट्यगृहात जो ऑर्टनच्या लूट या नाटकात तो इन्स्पेक्टर ट्रस्कॉटची भूमिका करीत होता. प्रयोग चालू असतानाच, प्रवेशाची वाट पाहत असता, हृदयविकाराने त्याचे निधन झाले. बीबीसीच्या शेक्सपिअर-नाट्यमालेतील त्याचा किंग जॉन त्यानंतर, नोव्हेंबर १९८४ मध्ये, प्रेक्षकांसमोर आला.