प्रिया दत्त : उपनगरातील राजकीय वाटचालीचा मागोवा

प्रिया दत्त या मुंबईच्या उपनगरांतून दोन वेळा लोकसभेवर निवडून गेलेल्या काँग्रेसच्या नेत्या. २८ ऑगस्ट १९६६ रोजी जन्मलेल्या प्रिया यांचे आईवडील दोघेही मुंबईबाहेरून आलेले. वडील सुनील दत्त मूळचे झेलम जिल्ह्यातल्या खुर्द गावचे. फाळणीच्या दंगलीत आपल्या वडिलांचा मित्र याकूब याने कुटुंबाला आसरा दिला, असे सुनील दत्त सांगत. सीमा ओलांडल्यावर हे कुटुंब यमुनेकाठच्या मंडोली गावात स्थिरावले. पुढे दत्त मुंबईला आले, बेस्टमध्ये नोकरी करत जयहिंद कॉलेजात शिकले आणि रेडिओ सिलोनमार्गे चित्रपटात गेले. आई नर्गिस यांचा जन्म कोलकात्याचा. त्या लहानपणीच आई जद्दनबाईंबरोबर मुंबईत आल्या.

राजकारण घरात आले ते आईच्या रूपाने. १९८० मध्ये नर्गिस राज्यसभेवर नियुक्त झाल्या. पण ३ मे १९८१ रोजी कर्करोगाने त्यांचे निधन झाले. कर्करुग्णांच्या मदतीसाठी दत्त कुटुंबाने त्यांच्या नावाने संस्था उभारली. १९८४ च्या निवडणुकीत सुनील दत्त यांनी वायव्य मुंबईत राम जेठमलानी यांचा पराभव केला. पंजाब दहशतवादाने होरपळत असताना, १९८७ मध्ये, त्यांनी मुंबई ते अमृतसर अशी सुमारे २,००० किलोमीटरची शांतियात्रा पायी काढली. ७८ दिवसांच्या या यात्रेत विशीतल्या प्रियाही चालल्या. गावोगावच्या माणसांशी थेट बोलण्याचे पहिले शिक्षण त्यांना या वाटेवर मिळाले. त्यांनी सोफिया कॉलेजातून समाजशास्त्राची पदवी आणि न्यूयॉर्कमध्ये दूरचित्रवाणी निर्मितीचे शिक्षण घेतले. १९९२-९३ च्या दंगलींनंतर त्यांनी मुंबईत दंगलग्रस्तांसाठी मदतकार्य केले.

२५ मे २००५ रोजी केंद्रीय मंत्री असतानाच सुनील दत्त यांचे निधन झाले. त्याच वर्षी नोव्हेंबरात वायव्य मुंबईत झालेल्या पोटनिवडणुकीत काँग्रेसने प्रिया यांना उमेदवारी दिली. समोर शिवसेनेचे मधुकर सरपोतदार होते. १९९६ आणि १९९८ मध्ये हीच जागा त्यांनी जिंकली होती. वांद्रे ते अंधेरी पट्ट्यात पाली हिलचे बंगले, विलेपार्ल्याची मराठी वस्ती आणि बेहरामपाड्यासारख्या दाट झोपडपट्ट्या शेजारीशेजारी आहेत. या मतदारसंघात प्रिया सुमारे १ लाख ७२ हजार मतांनी विजयी झाल्या. त्यात सहानुभूतीचा वाटा मोठा होता.

खरी परीक्षा २००९ मध्ये झाली. मतदारसंघांच्या पुनर्रचनेत अंधेरी वायव्य मुंबईत राहिली. वांद्रे आणि विलेपार्ले मात्र कुर्ला, कलिना, चांदिवलीसह उत्तर मध्य मुंबईत गेले. प्रिया यांनी तिथून निवडणूक लढवली आणि भाजपचे महेश जेठमलानी यांना सुमारे १ लाख ७४ हजार मतांनी हरवले. पंचवीस वर्षांपूर्वी वडिलांनी राम जेठमलानींना हरवले होते. आता मुलीने त्यांच्या मुलाला हरवले. मतदारसंघाचा मोठा भाग नवा असूनही मताधिक्य टिकले, ही या विजयाची खरी किंमत.

२०१४ मध्ये वारे फिरले. मोदी लाटेत प्रमोद महाजन यांच्या कन्या पूनम महाजन यांनी त्यांचा सुमारे १ लाख ८६ हजार मतांनी पराभव केला. जानेवारी २०१९ मध्ये प्रिया यांनी निवडणूक न लढवण्याचा निर्णय पक्षाला कळवला. नंतर त्या पुन्हा रिंगणात उतरल्या, पण पूनम महाजन यांच्याकडूनच सुमारे १ लाख ३० हजार मतांनी हरल्या. २०२४ मध्ये काँग्रेसने ही जागा वर्षा गायकवाड यांना दिली आणि त्यांनी ती १६ हजारांहून अधिक मतांनी जिंकली.

साडेआठ वर्षांच्या खासदारकीत प्रिया यांना मंत्रिपद मिळाले नाही. आईच्या नावाच्या संस्थेचे काम मात्र त्यांनी निवडणुकांच्या आधीही केले आणि नंतरही चालू ठेवले. फाळणीत घर गमावलेल्या माणसाला ज्या उपनगराने पाच वेळा निवडून दिले, त्याच्या मुलीलाही त्याच उपनगराने दोनदा संसदेत पाठवले. बाहेरून आलेल्यांना आपले मानण्याची या भागाची रीत दत्त घराण्याच्या दोन पिढ्यांच्या निकालांतून दिसते.