शनिवारी थांबणारा घाणा

वाशी : अलिबाग-पेणकडून वाशीच्या बाजार समितीत माल घेऊन येणारी गाडी पनवेलवरून येते. त्याच पनवेलात १८४९ सालचे ज्यूंचे प्रार्थनामंदिर आहे, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? अलिबागेतले तर त्याच्याही एक वर्ष आधीचे!

ही मंडळी म्हणजे बेने इस्रायल. त्यांच्या परंपरेप्रमाणे पूर्वजांचे गलबत नवगावजवळ फुटले, सात पुरुष आणि सात बाया तेवढ्या वाचल्या. पुढे कोकणात त्यांनी तेलाचा घाणा धरला. इतर तेली सोमवारी घाणा बंद ठेवायचे, हे शनिवारी. म्हणून गावाने नाव दिले ‘शनिवार तेली’. पेणकर, नवगावकर, रोहेकर, किहीमकर ही त्यांची आडनावे त्यांच्या गावांवरूनच पडली.

समाज तसा आपल्यातच राहणारा. लग्न जातीत, खवल्याशिवायची मासळी वर्ज्य, शनिवारी चूल पेटवायची नाही. पण बोली मराठी, बायांचे नेसणे नऊवारी, गळ्यात मंगळसूत्र. नवस फेडायचा तर पोहे, ओले खोबरे आणि फळे घालून ‘मलिदा’ करायचा. आता सांगा, यात परके ते काय?

आजीच्या गावाचा शोध

या समाजावर सादिया शेपर्ड या अमेरिकेतल्या बाईंनी माहितीपट काढला. त्यांची आजी बेने इस्रायल. तिने मुसलमान घरात लग्न केले आणि फाळणीनंतर ती कराचीला गेली. सादियाबाईंचे वडील ख्रिस्ती. म्हणजे एकाच घरात तीन धर्म! आजीला दिलेल्या शब्दाखातर ही नात २००१ साली शिष्यवृत्तीवर भारतात आली आणि मुंबई-कोकणात समाजाची माणसे शोधत हिंडली. माहितीपट आणि त्यांचे पुस्तक, दोन्ही २००८ साली आले.

हे काम वेळेत झाले म्हणायचे. १९४८ नंतर बहुतेक कुटुंबे इस्रायलला गेली. तिथेही त्यांनी ‘मायबोली’ नावाचे मराठी नियतकालिक चालवले. इथे मात्र कोकणातली त्यांची घरे बोटांवर मोजण्याइतकी उरली. महाराष्ट्र शासनाने २०१६ साली ज्यू समाजाला अल्पसंख्याक दर्जा दिला, पण तोवर गावे रिकामी झाली होती.

गावाचेही नुकसान

बैलाचा घाणा नुसते तेल देत नव्हता. तीळ, खोबरे गावातच गाळले जायचे, पेंड गावच्याच दुभत्या जनावरांना मिळायची. गिरण्या आल्या, घाणे बसले. आज तीच पेंड आपण पोत्याने विकत आणतो.

शेतकरी बंधूंनो, घाणा कुठं होता, तेल्याचं घर कुठलं, हे सांगणारी ऐंशीच्या घरातली माणसं गावात अजून आहेत. कॅमेरा नसला तरी चालेल. शाळेतल्या पोराला वही घेऊन त्यांच्याजवळ बसवा. सातासमुद्रापलीकडची नात विचारायला येते, मग आपल्याच आळीत विचारायला आपल्याला काय हरकत आहे?