कव्हर छापायचं, तर परवानगी कुणाची?

वास्कोत दामोदर सप्ताहातलं गाणं ऐकत वाढलेल्या माणसाला रामदास कामत कोण, हे सांगावं लागत नाही. डिचोली तालुक्यातल्या साखळीचा हा गायक, संगीत मंगेशीच्या जितेंद्र अभिषेकींचं, निर्मिती गोवा हिंदू असोसिएशनची. असं १९६४ चं ‘मत्स्यगंधा’ हे नाटक रसिकांच्या घरी पोचलं ते तबकड्यांमधूनही. अशा ध्वनिमुद्रिकेवर कोशात नोंद लिहायची तर कव्हर छापावं का? बरेच संपादक इथे हात आखडता घेतात. मला ते पटत नाही.

एल.पी.चं बारा इंची कव्हर ही नुसती सजावट नव्हे. पुढे चित्र किंवा छायाचित्र. मागे पदांचा क्रम, श्रेय, कंपनीचा क्रमांक. तबल्यावर कोण होतं, याचा पुष्कळदा तेवढाच छापील पुरावा उरतो. आत लेबलच्या कडेने गोल फिरणारी बारीक इंग्रजी ताकीद असते : परवानगीवाचून नक्कल, जाहीर वादन, प्रक्षेपण करू नये. ती वाचून माणूस कव्हरलाही हात लावायला घाबरतो. पण ही ताकीद मुद्रित आवाजासाठी आहे. कव्हरचा हिशेब वेगळा.

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. १९६४ साली निघालेलं मुद्रण २०२४ अखेर मोकळं झालं. चाल मात्र नाही. अभिषेकी १९९८ मध्ये गेले, म्हणून त्यांच्या चाली २०५८ अखेरपर्यंत संरक्षित. कव्हरवरच्या चित्राला चित्रकाराच्या निधनानंतर ६० वर्षं. मग मोबदला देणारी कंपनी त्याची मालक का असेना.

वाट आहे ती कलम ५२ मध्ये. समीक्षेसाठी उचित वापर चालतो, आणि समीक्षा त्याच कृतीची किंवा दुसऱ्या कुठल्याही कृतीची असली तरी चालते. म्हणजे विवेचन गाण्यांचं आणि सोबत कव्हर, यालाही जागा आहे. किती घेतलं, कशासाठी घेतलं, मूळ मालाशी स्पर्धा होते का, या तीन कसोट्या केरळ उच्च न्यायालयाने १९९६ मध्ये एका नाटकाच्या खटल्यात लावल्या. अमेरिकेत ‘ग्रेटफुल डेड’ या बँडच्या सचित्र इतिहासात मैफलींची पोस्टरं विनापरवाना, लहान करून छापली होती. २००६ मध्ये तिथल्या अपील न्यायालयाने प्रकाशकाच्या बाजूने कौल दिला. पोस्टरं तिथे भिंतीवर लावायला नव्हती, कालक्रम सांगायला होती.

तेव्हा कव्हर लहान छापावं, एकच छापावं, आणि मजकुरात त्याच्याविषयी किंवा त्यातल्या गाण्यांविषयी काहीतरी सांगितलेलं असावं. गोवा विद्यापीठाने कोकणी विश्वकोश २०१३ मध्ये क्रिएटिव्ह कॉमन्स परवान्याखाली खुला केला. अशा खुल्या कोशात तर जास्तच सांभाळायला हवं. आपला मजकूर आपण वाटू शकतो, दुसऱ्याचं चित्र नाही. त्या चित्राखाली तसं स्वच्छ लिहावं.

आणि चित्रकाराचं नाव द्यावं. ते कव्हरवर नसेल, तर जुन्या मंडळींना विचारून शोधावं. निनावी चित्राची मुदत प्रकाशनापासून ६० वर्षांत संपते. त्याआधी चित्रकाराची ओळख उघड झाली, तर ती त्याच्या आयुष्याला जोडली जाऊन बहुधा लांबते. कोशाला ते गैरसोयीचं ठरेल. तरीही नाव छापावं.