अहवालात न मावलेला रशिया

रशियातील सत्तेला न रुचणारे वास्तव अनेकदा सरकारी दप्तरांपेक्षा पत्रांत आणि प्रवासवर्णनांतच नोंदले गेले. पीटर्सबर्गच्या जकात खात्यातील अधिकारी अलेक्सांद्र रादिश्चेव यांनी १७९० मध्ये पीटर्सबर्ग ते मॉस्को या प्रवासाच्या पुस्तकातून भूदासांची दैना मांडली. सम्राज्ञी कॅथरीनच्या राजवटीत त्यांना देहदंड फर्मावण्यात आला. पुढे तो सौम्य करून १० वर्षांसाठी सैबेरियात हद्दपारी झाली. भूदासप्रथा १८६१ मध्ये संपली. पुस्तक मात्र विसावे शतक उजाडेपर्यंत रशियात मुक्तपणे छापता आले नाही.

बरोबर शंभर वर्षांनी, १८९० मध्ये, अंतोन चेखव सखालिन बेटावरील कैद्यांच्या वसाहतीत गेले. सुमारे तीन महिन्यांत त्यांनी जवळपास १०,००० शिरगणती-पत्रके भरली. निघण्यापूर्वी प्रकाशक सुवोरिन यांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी म्हटले होते की, लाखो माणसे तुरुंगांत कुजवल्याचा दोष तुरुंगाधिकाऱ्यांचा नव्हे, आपल्या सर्वांचा आहे.

अहवाल वरच्या पायऱ्या चढताना मवाळ होत जातो. रादिश्चेव आणि चेखव यांनी ती शिडी टाळली, म्हणून त्यांचा रशिया टिकला. राजधानीत बसून कागदांवरून देश जाणणाऱ्या प्रत्येक प्रशासनाने एवढे ध्यानी ठेवावे.