जलजीवालयातील माशांचे रोग

शोभेसाठी काचेच्या टाकीत पाळलेल्या माशांना होणारे विकार. नदीतील वा तळ्यातील मासा दूषित पाण्यापासून दूर जाऊ शकतो. टाकीतील माशाला ते शक्य नसते. म्हणून येथे रोगनिदानाचा आरंभ पाण्याच्या परीक्षेपासून करावा लागतो.

पाण्याचे दोष : माशांच्या उत्सर्जनातून व उरलेले खाद्य कुजल्यामुळे पाण्यात अमोनिया साचतो. वाळूत व गाळणीत वाढणारे सूक्ष्मजंतू त्याचे प्रथम नायट्राइटात व नंतर त्याहून पुष्कळच कमी विषारी अशा नायट्रेटात रूपांतर करतात. नव्या टाकीत हे सूक्ष्मजंतू पुरेसे वाढण्यास साधारणतः ४ ते ६ आठवडे लागतात. त्यापूर्वीच पुष्कळ मासे सोडल्यास ते पृष्ठभागाशी येऊन धापा टाकतात व मरतात. सर्व मासे एकाच वेळी अस्वस्थ झाल्यास संसर्गापेक्षा पाण्याचा संशय आधी घ्यावा व काही पाणी काढून त्याऐवजी क्लोरीनरहित पाणी घालावे.

पांढऱ्या ठिपक्यांचा रोग : गोड्या पाण्यातील माशांत हा फार आढळतो. तो इक्थिऑप्थिरियस मल्टिफिलिस या पक्ष्माभिका असलेल्या आदिजीवामुळे होतो. त्वचा, पर व कल्ले यांवर मिठाच्या कणांसारखे, १ मिमी. पर्यंत व्यासाचे ठिपके दिसतात. मासा अंग दगडांवर घासतो. विणीच्या हंगामात नर सोनमाशाच्या कल्ल्यांच्या झाकणांवर व छातीच्या परांवर येणारे पांढरे उंचवटे मात्र नैसर्गिक असतात.

त्वचेखाली पोसलेला परजीवी गळून तळाशी पुटीत विभागतो व शेकडो पिले पाण्यात सोडतो. ही पोहणारी अवस्थाच औषधाला बळी पडते. त्वचेखालील अवस्थेपर्यंत औषध पोहोचत नाही. जीवनचक्र २५° से. तापमानास सुमारे आठवड्यात, तर १०° से. ला महिन्याहून अधिक काळात पुरे होते. त्यामुळे ठिपके दिसेनासे होताच उपचार थांबविल्यास रोग उलटतो. उबदार पाण्यात उपचार किमान १० ते १४ दिवस चालू ठेवावे. मॅलॅकाइट ग्रीन किंवा दर लिटरला १ ते ३ ग्रॅ. मीठ वापरतात, काही वनस्पतींना व मार्जारमीनांना मीठ सोसत नाही. पाणी तापविल्यास त्यातील ऑक्सिजन घटतो, म्हणून हवेचा पुरवठा वाढवावा.

इतर रोग : सॅप्रोलेग्निया या कवकासारख्या जीवामुळे जखमेवर कापसासारखे पुंजके येतात. परांच्या कडा पांढुरक्या होऊन झिजल्यास सूक्ष्मजंतुजन्य परकूज समजावी; पाणी सुधारल्यावर आरंभीची कूज पुष्कळदा बरी होते. पोट फुगून खवले उभे राहणे (जलोदर) हे बहुधा अंतर्गत इंद्रिये निकामी झाल्याचे लक्षण असून अशा वेळी उपाय क्वचितच चालतो.

प्रतिबंध : नवा मासा ३ ते ४ आठवडे वेगळ्या टाकीत ठेवावा व जाळी स्वतंत्र वापरावी. मायकोबॅक्टिरियम मरायनम हा सूक्ष्मजंतू जखमेतून माणसाच्या त्वचेलाही बाधतो. हाताला जखम असताना टाकीत हात घालू नये.