टोकियो १९६४ : एन्डो, भोसले आणि करंडे

जपानच्या युकिओ एन्डोचा जन्म १९३७चा, अकिता प्रांतातला. रोममध्ये १९६०ला जपानने पुरुषांच्या जिम्नॅस्टिक्समधलं पहिलं सांघिक ऑलिंपिक सुवर्ण जिंकलं, त्या संघात तो होता. चार वर्षांनी घरच्या टोकियोत त्याने तीन सुवर्णपदकं घेतली : सांघिक, समांतर बार आणि सर्वांत मानाचं वैयक्तिक सर्वसाधारण. हे शेवटचं अवघड असतं. फ्लोअर, पॉमेल हॉर्स, रिंग्ज, व्हॉल्ट, समांतर बार, आडवा बार या सहाही प्रकारांचे गुण एकत्र धरतात. एन्डो पॉमेल हॉर्सवर चुकला, तरी आघाडी टिकली. मेक्सिकोत १९६८ला आणखी एक सांघिक सुवर्ण मिळालं. आडव्या बारवरच्या एका फिरकीला आजही त्याचंच नाव आहे.

आपल्याकडच्या मुलांना मात्र त्याच टोकियोतली आणखी दोन नावं ठाऊक हवीत : बंडू भोसले आणि विठ्ठल करंडे. भारताच्या सहा जणांच्या जिम्नॅस्टिक्स चमूत हे दोघे होते. पदक दूर राहिलं, पण त्यांच्यानंतर ऑलिंपिकमध्ये भारतीय जिम्नॅस्ट दिसायला २०१६ उजाडलं. ती त्रिपुराची दीपा कर्माकर. बावन्न वर्षांची ही पोकळी खरोखर बोचते, कारण एरंडेल लावलेल्या मल्लखांबावर घडणारी पकड, तोल आणि लवचिकता आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या आहे. कमी पडतात ती साधनं : फोमचा खड्डा, जाड गाद्या, सहाही उपकरणं आणि ती शिकवणारा पूर्णवेळ प्रशिक्षक.